कॅप्टनचा शब्द आणि आप्पांचा तराजू

भांडण चपलांच्या रॅकवरून झालं. रॅक होता तिसऱ्या मजल्यावरच्या कॅप्टनचा आणि जिना होता सगळ्यांचा. रॅक जिन्यात पुढे आला होता, आणि बिल्डिंगचे सेक्रेटरी, म्हणजे आपल्या सूनबाईचे सासरे आप्पा, तो नेमका किती पुढे आलाय ते टेप घेऊन मोजायला गेले होते. आता कुणी म्हणेल, मोजायचं काय त्यात, 'रॅक आत घ्या हो' म्हणून सांगावं आणि मोकळं व्हावं. पण आप्पांनी उभी नोकरी वजनमापे खात्यात निरीक्षक म्हणून काढलेली. दुकानादुकानांत जायचं, वजनं तपासायची, खरी निघाली तर शिक्का मारायचा आणि खोटी निघाली तर खटला भरायचा. असा माणूस अंदाजपंचे भांडत नाही.

कॅप्टन दार उघडून बाहेर आले. जहाजावरून निवृत्त होऊन त्यांना बरीच वर्षं झाली होती, पण आवाज अजून निवृत्त झाला नव्हता. त्यांनी जिन्यात गुडघे टेकून बसलेल्या आप्पांकडे पाहिलं, टेपकडे पाहिलं, इंग्रजीत एकच शब्द उच्चारला आणि दार आपटलं.

तो शब्द इथं लिहीत नाही. ज्यांना अशा शब्दांची माहिती आहे त्यांना तो कळला असेल. ज्यांना नाही त्यांनी थोडा धीर धरावा, पुढे भर सभेत त्याचा खुलासा होणार आहे.

दुसरा कुणी असता तर त्यानं तिथंच चवताळून दारावर थापा मारल्या असत्या. आप्पा उठले, गुडघे झटकले, टेप गुंडाळली आणि खाली घरी आले. ते मुळीच रागावलेले नव्हते. आपल्याला काय म्हटलं गेलं हेच त्यांना ठाऊक नव्हतं.

"किती रागवायचं ते आधी कळायला हवं," चहाला बसल्यावर ते म्हणाले. "शब्द तोळाभर असला आणि मी मणभर रागावलो, तर ते मापात पाप होईल."

"अहो, तोंडावर दार आपटताना कुणी आशीर्वाद देतं का?" सासूबाईंनी विचारलं.

"दार वाऱ्यानंसुद्धा आपटतं. शब्द मात्र पहिल्यांदाच ऐकला." आणि आप्पांनी तो शब्द, एकेक अक्षर सुटं करून, चहाच्या टेबलावर ठेवला.

सूनबाईच्या हातातली बशी बेसिनमध्ये पडली. तिचा नवरा पाणी पीत होता, ते त्याच्या नाकातून बाहेर आलं. "महत्त्वाचा फोन आहे," असं म्हणून तो न वाजलेला फोन घेऊन गॅलरीत गेला. सासूबाई दोघांकडे बघत राहिल्या. आप्पांच्या हे काहीच लक्षात आलं नाही, कारण ते मुलाला शाळेत वक्तृत्वात बक्षीस मिळालेला शब्दकोश शोधायला उठले होते. त्या कोशात तो शब्द नव्हता. आधीचा होता, नंतरचा होता, मधल्या मध्ये हाच गायब.

सूनबाईनं बशी विसळली आणि मनात म्हटलं, कोशात नाही ना, मग सुटलो आपण. बिचारीला घरात येऊन अजून फार दिवस झाले नव्हते. वजनमापे खात्याचा माणूस म्हणजे काय चीज असते ते तिला अजून कळायचं होतं.

इथं सूनबाईच्या नोकरीबद्दल सांगायला हवं, नाहीतर तिची बशी का पडली ते समजायचं नाही. ती ज्या ऑफिसात जायची तिथं कानाला यंत्र लावून बसायचं आणि परदेशातल्या गिऱ्हाइकांच्या तक्रारी ऐकायच्या. कुणाचं धुण्याचं मशीन फिरत नाही, कुणाचं फिरायचं थांबत नाही. माणूस चिडलेला असतो आणि समोर दुसरं कुणी सापडत नाही, म्हणून तो फोनवरच्या बाईवर तोंड टाकतो. त्यावर सूनबाईनं फक्त एवढंच म्हणायचं, "तुमची अडचण मी समजू शकते." कॅप्टनचा तो शब्द ती दिवसभर ऐकायची. सकाळी चिडून, दुपारी वैतागून आणि कधी कधी तर नुसता सवयीनं.

ही नोकरी तिनं धरली तेव्हा सासूबाईंना ते पटलं नव्हतं. परक्यांशी फोनवर दिवसभर काय बोलायचं? तेव्हा आप्पा मध्ये पडले होते. "तक्रार निवारण आहे ते," ते म्हणाले होते. "आयुष्यभर मी तेच केलं. मान द्यायला हवा तिला." आणि त्या दिवसापासून सूनबाई कामाला निघाली की आप्पा पेपर खाली ठेवून म्हणायचे, "निघालीस का? कर निवारण." तिला त्याचं फार बरं वाटायचं. ह्या माणसाला कळलं की आपली सून दिवसभर काय ऐकते, तर त्याचं तोंड कसं होईल, हा विचारसुद्धा तिला नको वाटायचा.

तर आप्पा कामाला लागले. आधी तळमजल्यावरच्या इंग्रजीच्या मास्तरांकडे गेले. मास्तरांनी जन्मभर पोरांना व्याकरण शिकवलेलं, 'मला माहीत नाही' हे वाक्य त्यांनी फक्त पोरांच्या तोंडून ऐकलं होतं.

"सामान्यनाम आहे म्हणाले," संध्याकाळी आप्पांनी घरी येऊन अहवाल दिला. "अनेकवचन होऊ शकतं."

"आणि अर्थ?" सासूबाईंनी विचारलं.

"अर्थ अभ्यासक्रमाबाहेर आहे."

मग समोरच्या दातांच्या डॉक्टरांकडे. शब्द ऐकून डॉक्टर बराच वेळ हात धूत राहिले आणि म्हणाले, "आप्पा, मानेच्या वरचं काही असतं तर मी सांगितलं असतं. हे माझ्याकडे येत नाही." यावरून आप्पांनी निष्कर्ष काढला की भानगड मानेच्या खालची आहे. एक बाजू तरी कळली म्हणून त्यांना समाधान वाटलं.

मग दुसऱ्या मजल्यावरच्या वकीलबाई. त्यांनी अर्थ-बिर्थ विचारलाच नाही. "अर्थ नंतर बघू," त्या म्हणाल्या. "ऐकलं कुणी? बदनामी व्हायला तिसऱ्या माणसानं ऐकावं लागतं."

"तिथं मी होतो, ते होते आणि रॅक होता."

"मग पुन्हा म्हणायला लावा. साक्षीदारांसमोर."

झालं! सूनबाई त्या दिवशी कामावरून परत येत होती. जिन्यात वर माणसं दिसली म्हणून ती मान वर करून बघते तो काय, तिसऱ्या मजल्यावर आप्पा उभे, एका बाजूला मास्तर, दुसऱ्या बाजूला वकीलबाई, आणि दारात घरच्या सदऱ्यातले कॅप्टन.

"परवा आपण मला उद्देशून जो शब्द वापरलात," आप्पा म्हणत होते, "तो कृपया पुन्हा एकदा उच्चारावा. घाई नाही."

कॅप्टनचा राग एव्हाना ओसरला होता, आणि राग नसताना शिवी देणं किती अवघड असतं ते तेव्हा त्यांना कळलं असावं. ते फरशीकडे बघत काहीतरी पुटपुटले.

"पहिल्या अक्षरावर जोर द्या," मास्तर म्हणाले. "दुसऱ्यावर नको. तिथं चूक होतेय."

कॅप्टननी पहिल्या अक्षरावर जोर देऊन शब्द पुन्हा म्हटला. वकीलबाईंनी मान डोलावली. आप्पा म्हणाले, "आभारी आहे," आणि तिघं रांगेनं खाली उतरले. सूनबाई भिंतीला चिकटून उभी राहिली आणि तिनं त्यांना वाट करून दिली.

दुसऱ्या दिवशी सकाळी ती डबा भरत होती तेव्हा आप्पा स्वयंपाकघरात येऊन स्टुलावर बसले.

"सूनबाई, मास्तरांचं इंग्रजी छापील. डॉक्टरांचं मानेपर्यंत. तुझं मात्र रोज वापरातलं आहे. तू सांग, त्या शब्दाचा अर्थ काय आणि त्याचं मूळ काय?"

सूनबाईनं डब्याचं झाकण उलटं लावलं. अर्थ सांगायचा तर शरीराच्या त्या भागाचं नाव सासऱ्यापुढे घ्यायचं. तेही एक वेळ डोळे मिटून घेतलं असतं. पण मग आप्पा साहजिकच विचारणार, 'तुला गं कसं माहीत?' की लागली नोकरीची वाट. शिवाय आप्पा स्टुलावर हात मांडीवर ठेवून असे बसले होते की त्यांना शिवीचा अर्थ सांगायला जीभ उचलत नव्हती. निवृत्त झाल्यापासून त्यांना ही एक बिल्डिंग तेवढी उरली होती, आणि त्या बिल्डिंगनं त्यांना काय म्हटलं हे ते विचारत होते.

अशा वेळी माणसाची सवय कामाला येते. सूनबाईच्या तोंडून आपोआप तिचा ऑफिसातला आवाज निघाला, मऊ आणि गुळगुळीत.

"तुमची अडचण मी समजू शकते, आप्पा. तो शब्द म्हणजे... कडक शिस्तीचा माणूस. कुणाच्या बापाला न भिणारा."

"पण ते चिडून म्हणाले."

"चिडूनच म्हणतात. मनात आदर असतो, पण वरून चिडून."

"असं! आणि मूळ?"

इथं तिनं थांबायला हवं होतं. 'मूळ माहीत नाही' म्हटलं असतं तर काय बिघडलं असतं? पण एकदा खोट्याचा हात धरला की ते नेईल तिकडे जावं लागतं. उचलली जीभ लावली टाळ्याला.

"मूळ फार जुनं आहे. तिकडे पूर्वी बाजाराच्या तोंडाशी एक अधिकारी बसायचा. व्यापाऱ्यांची वजनं तपासायला. त्याला तसं म्हणायचे."

आप्पा स्टुलावर ताठ झाले. "वजनं तपासायला?"

"हो."

"लाच घ्यायचा?"

"छे! म्हणून तर व्यापारी चिडायचे. पण मनातून मान द्यायचे."

आप्पांनी चष्मा काढला, सदऱ्याच्या टोकानं पुसला आणि परत घातला. "कॅप्टनना एवढी समज असेल असं वाटलं नव्हतं," ते हळूच म्हणाले. सूनबाई हलक्या मनानं कामाला गेली. त्या दिवशी दोन गिऱ्हाइकांनी तिला तो शब्द ऐकवला, तेव्हा ती उगाच दचकली.

दोन दिवसांनी लिफ्टमध्ये कॅप्टन भेटले. लिफ्टचं दार बंद होताच त्यांनी तिला कोपऱ्यात गाठलं.

"तुमचे सासरे आले होते माझ्याकडे," ते म्हणाले. त्यांचा मोठा आवाज कुठं गेला होता कोण जाणे. "माझा हात हातात घेऊन म्हणाले, 'इतक्या वर्षांत मला कुणी ओळखलं नाही. तुम्ही एका शब्दात ओळखलंत.' आभार मानून गेले हो! त्यांना काय झालंय? मी रॅक आत घेतला. दिवाणखान्यात ठेवलाय, तोंडासमोर. घास उतरत नाही माझ्या गळ्याखाली."

सूनबाई म्हणाली, "तुमची अडचण मी समजू शकते," आणि तिचा मजला आला म्हणून सुटली.

इतकं होऊन प्रकरण थांबलं असतं तर गोष्ट सांगायला नको होती. पण पुढच्याच आठवड्यात लिफ्टशेजारच्या फळ्यावर आप्पांच्या वळणदार अक्षरात वार्षिक सभेचे विषय लागले. त्यातला पहिला असा होता: 'सेक्रेटरी हे कोरडे पदनाम रद्द करून त्याऐवजी' — आणि इथं तो शब्द, देवनागरीत, लहान पोरालाही वाचता येईल असा — 'हे प्राचीन व सन्माननीय पदनाम स्वीकारणे.'

बिल्डिंगमध्ये आनंदाला उधाण आलं. ज्यांना अर्थ माहीत होता त्यांनी तो, ज्यांना माहीत नव्हता त्यांच्या कानात सांगितला, आणि मग सगळे मिळून आप्पांचं अभिनंदन करायला लागले. मास्तर म्हणाले, "मूळ फारच रोचक आहे हो." डॉक्टर म्हणाले, "हे पद तुम्हालाच शोभतं." वकीलबाईंनी ठराव नियमात बसतो असा निर्वाळा दिला. काही जण तर आप्पांना फाटकाशी गाठून त्या नव्या नावानंच हाक मारायला लागले. आप्पा मान लववून म्हणायचे, "अजून मंजूर व्हायचंय." आणि ते लिफ्टमध्ये शिरले की मागे खसखस पिकायची.

सूनबाईला ते हसू ऐकू यायचं. आपण काय करून बसलो हे! एका म्हाताऱ्या माणसाचं साऱ्या बिल्डिंगमध्ये हसं करून ठेवलं, आणि तेही त्या माणसाचं, जो एकटा आपल्या बाजूनं उभा राहिला होता. सभा संपल्यावर कुणीतरी त्यांना खरं सांगणारच, आणि मग ते आपल्याकडे बघणार. त्या बघण्याची तिला धास्ती बसली होती.

तिनं नवऱ्याला गाठलं. "तू सांग ना त्यांना."

"मी? बापाला? तू सांगितलंस, तूच निस्तर," असं म्हणून तो पुन्हा न वाजलेला फोन घेऊन गॅलरीत गेला. त्या गॅलरीत त्याचं निम्मं लग्न गेलं असेल.

मग तिनं सासूबाईंना गाठलं. मिक्सर चालू असताना त्यांच्या कानाशी तोंड नेऊन सांगून टाकलं. सासूबाईंनी मिक्सर बंद केला.

"एवढंच?"

"एवढंच काय आई!"

"अगं, ह्यांनी वजनं जप्त केली की दुकानदार ह्यांना मराठीत काय काय म्हणायचे! हा तर त्यातला धाकटा भाऊ." मग त्यांनी मिक्सरचं भांडं बाजूला ठेवलं. "आणि तू हे दिवसभर ऐकतेस?"

"रोज."

"ऐकून काय म्हणतेस?"

"म्हणते, तुमची अडचण मी समजू शकते."

सासूबाईंनी तिचा डबा ओढून घेतला आणि झाकण लागेना इतका भरला.

"मग तुम्ही सांगाल आप्पांना?" तिनं आशेनं विचारलं.

"मी नाही बाई. खोटं तू तोललंस, खरंही तूच तोल."

शेवटी सभेच्या आदल्या संध्याकाळी ती धीर करून आप्पांसमोर उभी राहिली. "आप्पा, तो शब्द..."

"बरी आठवण केलीस," आप्पा म्हणाले. "दारावर पाटी करायची तर तो इंग्रजीत बरा दिसेल की देवनागरीत?"

ते इतक्या मनापासून विचारत होते की तिची बोबडीच वळली. "देवनागरीत," ती म्हणाली आणि आत जाऊन उशीत तोंड खुपसून रडली.

सभा खाली गाड्या लावायच्या जागेत होती. एरवी सभेला माणसं गोळा करायला आप्पांना दारोदार फिरावं लागे. त्या दिवशी खुर्च्या पुरल्या नाहीत. लोक आपल्या पाहुण्यांनासुद्धा घेऊन आले होते. कॅप्टन मागे खांबाला टेकून उभे होते.

आप्पांनी ठराव वाचला. शब्द आला तेव्हा त्यांनी पहिल्या अक्षरावर बरोबर जोर दिला. मग मूळ सांगितलं, बाजार, अधिकारी, वजनं, सगळं, आणि शेवटी म्हणाले, "ही माहिती आमच्या सूनबाईंनी पुरवली." सगळ्या माना तिच्याकडे वळल्या. मास्तर सूचक झाले. डॉक्टर अनुमोदक झाले, आणि अनुमोदन देताना त्यांना दोनदा खोकला आला.

"बाजूनं असतील त्यांनी हात वर करावेत."

हातांचं रान उगवलं. कुणी कुणी दोन्ही हात वर केले. सूनबाईच्या नवऱ्यानं वर छताकडे बघत डोकं खाजवलं, तो हातही मोजला गेला.

"विरोधात?"

हे नुसतं विचारायचं म्हणून विचारलं होतं. पण एक हात वर झाला. सूनबाईचा.

"कारण?" आप्पांनी विचारलं.

ती उठली. "तुमची अडचण मी..." ती सवयीनं सुरू झाली आणि थांबली. तो आवाज तिला नको होता. मग ती आपल्या घरच्या आवाजात बोलली.

"आप्पा, मी खोटं सांगितलं. ती शिवी आहे. आत्ता आपण सगळे ज्यावर बसलोय ना, खुर्ची नव्हे, आपलं स्वतःचं, ते. आणि त्याचं भोक. एवढाच अर्थ आहे, दुसरा नाही."

सगळी सभा खुर्च्यांवर जरा सावरून बसली.

"आणि व्युत्पत्ती?" मास्तरांच्या तोंडून सवयीनं निघून गेलं.

"दोन जुने साधे शब्द जोडलेत, मास्तर. पहिल्याचा अर्थ पहिला, दुसऱ्याचा दुसरा. बाजार नाही, अधिकारी नाही. मूळ शोधायला फार खोल जायला नको." ती आता थांबत नव्हती. "मला माहीत आहे, कारण मी ऑफिसात रोज ऐकते. त्याचाच मला पगार मिळतो. आप्पांना खरं सांगायची मला लाज वाटली, ही माझी चूक. पण तुम्हाला सगळ्यांना अर्थ माहीत होता आणि तुम्ही हात वर केलेत. त्या दिवशी मला माझी लाज वाटली होती. आज तुमची वाटतेय."

वर केलेले काही हात अजून वरच होते. ते हळूहळू खाली आले.

मागून कॅप्टन पुढे आले. "शब्द माझा होता," ते म्हणाले. "रागाच्या भरात गेला. चुकलं माझं. तुम्ही आभार मानायला आलात तेव्हाच सांगायला हवं होतं, पण धीर झाला नाही."

"तुम्ही हात वर केला नव्हता," आप्पा म्हणाले. "बघितलं मी. तटस्थ एक, विरोधात एक." मग ते सभेकडे वळले. आवाज नेहमीचाच, पाण्याच्या टाकीबद्दल बोलावं तसा. "बसा. मला माहीत होतं."

कुणाला काही कळेना.

"एकाच तराजूवर तोलून शिक्का मारत नाहीत. सूनबाईनं अर्थ सांगितला त्याच दुपारी मी वाचनालयात गेलो. ग्रंथपाल बाईंनी मोठा कोश काढला, पान उघडून माझ्यापुढे सरकवलं आणि खिडकीतून बाहेर बघत उभ्या राहिल्या. वाचलं. दोनदा वाचलं." त्यांनी चष्मा सारखा केला. "खात्यात असताना आम्ही साध्या कपड्यांत गिऱ्हाईक होऊन दुकानात जायचो. गप्प उभं राहायचं, काही माहीत नसल्यासारखं. कोण किती माप घालतो ते आपोआप कळतं. तसा हा ठराव लावला होता. म्हटलं, बघू, कोण येऊन सांगतं. दोन आठवडे उभा होतो. मास्तर, तुम्ही सूचक झालात. डॉक्टर, तुम्ही अनुमोदक."

डॉक्टर म्हणाले, "आप्पा, गंमत म्हणून..."

"असेल. ठराव मागे घेतो. शब्द कॅप्टनचा, तो त्यांचा त्यांना परत. अर्थ आमच्या सूनबाईनं केलेला आहे, तो मी ठेवून घेतो." त्यांनी पान उलटलं. "विषय दुसरा. पाण्याची टाकी."

टाकीवर त्या दिवशी एकमतानं निर्णय झाला. असं पूर्वी कधी झालं नव्हतं.

घरी आल्यावर मात्र सूनबाईचा बांध फुटला. "तुम्हाला माहीत होतं? आणि मी इकडे जीव टांगणीला लावून बसले होते! अन्न गोड लागत नव्हतं मला. पाटी देवनागरीत की इंग्रजीत, हे विचारलंत तेव्हासुद्धा माहीत होतं?"

"होतं."

"म्हणजे मलाही तपासत होतात. घरच्या माणसाला!"

आप्पा स्वयंपाकघरात गेले, स्वतः चहा केला, त्यात साखर जास्त पडली, आणि कप तिच्यापुढे ठेवून स्टुलावर बसले. ह्या मोजूनमापून वागणाऱ्या माणसाला साखर मोजता आली नव्हती.

"चुकलं माझं," ते म्हणाले. "घरात तराजू आणायला नको होता. पण एक सांगू? त्या कोशापुढे बसलो होतो तेव्हा कॅप्टनचा राग आलाच नाही. वाटलं, एवढ्या घाणेरड्या शब्दातून पोरीनं बाजार काढला, वजनं काढली, लाच न घेणारा माणूस काढला. माझ्या कामाबद्दल इतकं चांगलं मला कुणी कधी सांगितलं नव्हतं. खोटं होतं, पण चांगलं होतं."

सूनबाईनं डोळे पुसले आणि ती चहा प्यायली. फार गोड होता.

"रोज म्हणतात तुला?" आप्पांनी विचारलं.

"मला नाही आप्पा. कंपनीला म्हणतात."

"पण ऐकतेस तू."

"हो."

आप्पांनी रिकामा कप आपल्याकडे ओढला. "उद्यापासून कुणी म्हणालं ना," ते म्हणाले, "तर मनात म्हणायचं, आमच्या घरी याचा अर्थ वेगळा आहे."

आणि खरंच, दुसऱ्या दिवशी एका गिऱ्हाइकानं तिला तो शब्द तीनदा ऐकवला, आणि नोकरी लागल्यापासून पहिल्यांदाच सूनबाई मनापासून "धन्यवाद" म्हणाली. तो माणूस इतका गोंधळला की तक्रार विसरून गेला.

पुढे महिनाभरानं ती सकाळी वर गच्चीत कपडे टाकून खाली उतरत होती. तिसऱ्या मजल्यावर बघते तर रॅक पुन्हा जिन्यात आलेला. आप्पा गुडघे टेकून टेप लावत होते. दारात कॅप्टन उभे, तोंड लाल झालेलं. त्यांनी बोलायला तोंड उघडलं, मग काहीतरी आठवून मिटलं.

तेवढ्यात आप्पांनी, टेपवरची नजर न हलवता, तो शब्द उच्चारला. स्वच्छ. पहिल्या अक्षरावर जोर देऊन.

मग त्यांना पायरीवर सूनबाईची पावलं दिसली. ते हळूहळू उठले.

"काही नाही, सूनबाई. कॅप्टन किती शिस्तीचे आहेत, तेच सांगत होतो त्यांना."

"आभारी आहे," कॅप्टन म्हणाले आणि रॅक आत ओढायला लागले.

"तुम्हा दोघांची अडचण मी समजू शकते," सूनबाई म्हणाली, आणि बादली घेऊन खाली गेली. तिला कामाला उशीर होत होता.